प्रभावळकर, दिलीप

(४ ऑगस्ट १९४४– ). मराठी दूरचित्रवाणी, चित्रपट व रंगभूमी या तीनही क्षेत्रांतील अग्रगण्य अभिनेते आणि विनोदी लेखक. जन्म मुंबई येथे. विज्ञान शाखेचे पदव्युत्तर शिक्षण घेतल्यानंतर त्यांनी औषधनिर्मिती व्यवसायात नोकरी केली आणि ती सांभाळूनच अभिनयाचा व्यासंग चालू ठेवला. त्यांच्याविषयी लिहिताना ‘बहुरूपी’ हे विशेषण इतक्या सर्रास योजले जाते, की त्याचा अर्थ तपासून पाहण्याची गरज कोणास भासत नाही. चेटकीण, चिमणराव, मतिमंद नंदू, खुनी तात्या विंचू, आबा टिपरे आणि महात्मा गांधी ही सर्व माणसे एकाच नटाने उभी केली, हे खरेच आहे. तथापि रूपांची संख्या हा अभिनयाचा निकष मानला, तर रंगभूषाकारालाही त्या श्रेयात वाटेकरी करावे लागेल. प्रभावळकरांच्या कामगिरीचे मर्म वेगळ्या ठिकाणी शोधावे लागते. समोरच्या पात्राचे बोलणे ऐकत असताना चेहऱ्यावर फार थोडे घडू देणे, ही त्यांची खरी शक्ती आहे. ती घडली मुख्यतः दूरचित्रवाणीच्या छोट्या पडद्यावर आणि चित्रपटाला तिचा उपयोग पुष्कळ उशिरा कळला.

प्रारंभीची वर्षे हौशी व प्रायोगिक नाटकांत गेली. रत्नाकर मतकरी यांच्या बालरंगभूमीवरील ‘अलबत्या गलबत्या’ या नाटकात त्यांनी चेटकीण रंगविली. मुलांना भीती वाटावी आणि त्याच क्षणी हसूही यावे, अशी ती भूमिका होती. तिच्यातील चिरका, वळणे घेणारा आवाज पुढे दीर्घकाळ त्यांच्या उपयोगी पडला. मतकरींच्याच ‘आरण्यक’ (१९७४) या नाटकात त्यांनी विदुराचे काम केले. युद्ध संपल्यानंतर अरण्यात जाऊन राहिलेल्या वृद्धांचे हे नाटक आहे आणि विदुर हा त्यातील पाहणारा, जाणणारा पुरुष. तिशीतील नटाने ही भूमिका करावी आणि २०१८ मध्ये नाटक पुन्हा रंगमंचावर आले तेव्हा सत्तरी ओलांडलेल्या त्याच नटाने तिच्यात पुन्हा उभे राहावे, हा योग मराठी रंगभूमीच्या इतिहासात विरळा होय. चेटकीण व विदुर ही त्यांच्या अभिनयाची दोन टोके पहिल्या काही वर्षांतच निश्चित झाली होती. एकीकडे सोंगाचा मुक्त आनंद, दुसरीकडे जवळजवळ निश्चल साक्षित्व. लोकप्रियता पहिल्याला मिळाली. दुसऱ्याचे मोल समीक्षकांनाही सावकाशच उमगले.

मुंबई दूरदर्शन केंद्राचे प्रक्षेपण २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. त्याच दशकाच्या उत्तरार्धात याकूब सईद व विजया जोगळेकर यांनी चिं. वि. जोशी (१८९२–१९६३) यांच्या कथांवर आधारलेली ‘चिमणराव’ ही मालिका सादर केली. तीत चिमणरावाची भूमिका प्रभावळकरांकडे व गुंड्याभाऊची बाळ कर्वे यांच्याकडे आली. मराठी दूरचित्रवाणीने निर्माण केलेली ही पहिली खरी लोकप्रिय जोडी म्हणावी लागेल. काम वाटते तितके सोपे नव्हते. पाली भाषेचे पंडित असलेल्या जोशींचा विनोद निवेदनाचा आहे. चिमणराव स्वतःची फजिती स्वतःच सांगतो; आपण हास्यास्पद ठरत आहोत हे त्याच्या पुरतेपणी ध्यानात येत नाही, वाचकाच्या मात्र येते. या दोन जाणिवांमधील अंतरातून हसू उत्पन्न होते. पडद्यावर निवेदक नाहीसा होतो आणि केवळ फजिती उरते. अशा वेळी सामान्य नट फजिती वाढवितो. तो अडखळतो, पडतो, डोळे विस्फारतो आणि कथेचा मूळ प्राण हरवून बसतो.

चिमणराव त्यापूर्वीही पडद्यावर आला होता. मास्टर विनायक यांच्या ‘लग्न पहावे करून’ (१९४०) व ‘सरकारी पाहुणे’ (१९४२) या बोलपटांत दामुअण्णा मालवणकर व विष्णुपंत जोग यांनी ही जोडी रंगविली. मालवणकर हे मोठ्या पडद्याचे विनोदी नट होते. डोळ्यांच्या तिरळेपणापासून शरीराच्या ठेवणीपर्यंत सर्व काही ते हास्यासाठी राबवीत. त्यांचा चिमणराव प्रेक्षागृहातील शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा होता. प्रभावळकरांनी त्याला दिवाणखान्याच्या मापाचा केला. टोपी, कोट, उपरणे आणि किंचित आखडलेले खांदे एवढी बाह्य सामग्री त्यांना पुरली. बाकी काम त्यांनी एका वृत्तीवर सोपविले: या माणसाला आपण शहाणे आहोत अशी प्रामाणिक खात्री आहे. फजिती झाल्यावर त्यांचा चिमणराव ओशाळत नाही. क्षणभर थांबून घटनेचे सयुक्तिक स्पष्टीकरण शोधू लागतो. त्या थांबण्यातच जोशींचा हरवलेला निवेदक परत सापडतो. निश्चित जागी ठेवलेले कॅमेरे, कृष्णधवल चित्र, मर्यादित नेपथ्य आणि समीपदृश्यांचा आग्रह या त्या काळच्या चित्रीकरणाच्या उणिवा म्हणून सांगितल्या जातात. प्रभावळकरांच्या दृष्टीने पाहता त्या उणिवांनीच त्यांना घडविले. हालचालीला वाव नसल्याने त्यांना विचार करणारा चेहरा दाखवावा लागला. बाळ कर्वे यांचा धिप्पाड, मोकळा गुंड्याभाऊ शेजारी असल्याने हा संयम अधिकच उठून दिसे. विनय धुमाळे दिग्दर्शित ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ (१९७९) हा चित्रपट याच लोकप्रियतेचे अपत्य होता. मात्र मोठ्या पडद्यावर या जोडीला मालिकेइतके घरगुती सान्निध्य लाभले नाही.

येथे एका गोष्टीचा खुलासा करणे आवश्यक आहे. ‘चिमणराव’ मालिकेने महाराष्ट्र हसविला, असे विधान पुष्कळदा केले जाते. वस्तुतः तो महाराष्ट्र मुंबई, पुणे आणि त्यांच्या प्रक्षेपण-कक्षेत येणारा मुलूख एवढाच होता. पुण्यास सहक्षेपण केंद्र १९७३ मध्ये मिळाले. विदर्भातील खेडोपाडी हे चित्र दिसण्याची तेव्हा काहीच सोय नव्हती. १९७५-७६ मध्ये उपग्रहाच्या साहाय्याने ग्रामीण दूरचित्रवाणीचा जो प्रयोग झाला त्यात सहा राज्ये होती, पण महाराष्ट्र नव्हता. यवतमाळ जिल्ह्यातील दारव्हा तालुक्यात, मुंबईपासून सरळ रेषेत पाचशे किलोमीटरांहून अधिक दूर असलेल्या बोरी अरबसारख्या गावातील वाचकाला चिमणराव ठाऊक होता तो ग्रंथालयातील पुस्तकांतून. त्याचा चेहरा कसा असेल, हे तो आपल्या मनाशी ठरवीत होता. १९८२ नंतर लघुशक्ती प्रक्षेपकांचे जाळे पसरले आणि छोट्या गावांत पडदा दिसू लागला. तोवर ही मालिका संपून गेली होती. ध्वनिचित्रफिती पुसून पुन्हा वापरण्याची त्या काळी रूढी असल्याने तिचे मोजकेच भाग आज पाहावयास मिळतात. परिणामी प्रभावळकरांची कारकीर्द ही सर्व मराठी प्रेक्षकांनी एकाच क्रमाने पाहिलेली नाही. मुंबई-पुण्याच्या प्रेक्षकाने आधी चिमणराव पाहिला व नंतर खलनायक. वऱ्हाडातील पुष्कळांना प्रथम भेटला तो तात्या विंचू, तोही चेहऱ्याने कमी आणि आवाजाने अधिक. मराठी अभिनयाचे आजवरचे बहुतेक लेखन पहिल्या प्रेक्षकाच्या आठवणींवर उभे आहे. त्यामुळे प्रभावळकर म्हणजे मध्यमवर्गीय घरगुती विनोदाचे नट, हे समीकरण रूढ झाले. उलट दिशेने आलेल्या प्रेक्षकाला ते मुळातच पटण्याजोगे नव्हते.

मराठी चित्रपटसृष्टीला १९८० नंतरच्या दशकात या नटाचे नेमके काय करावे, हे कळले नाही. रवी नमाडे यांच्या ‘एक डाव भुताचा’ (१९८२) या चित्रपटात त्यांना शिक्षकाची भूमिका मिळाली, द. मा. मिरासदार यांच्या लेखणीचा आणि भुताच्या भूमिकेतील अशोक सराफ यांच्या सहवासाचा लाभ झाला. परंतु नंतर आलेली विनोदी चित्रपटांची लाट नटाच्या ठसठशीत प्रतिमेवर चालणारी होती. दादा कोंडके, अशोक सराफ, लक्ष्मीकांत बेर्डे यांना प्रेक्षक नावाने ओळखत आणि त्यांनी तेच पुन्हा करावे अशी अपेक्षा ठेवीत. निळू फुले यांच्यासारख्या थोर नटालाही प्रतिमेच्या या चौकटीने दीर्घकाळ जखडून ठेवले होते. प्रत्येक भूमिकेत मागची पुसून टाकणाऱ्या नटाच्या नावावर तिकिटे विकता येत नाहीत. याची किंमत प्रभावळकरांनी चुकती केली. त्यांच्या उमेदीच्या वयात त्यांना नायकाच्या भूमिका फारशा मिळाल्या नाहीत, हा चित्रपटसृष्टीच्या हिशेबीपणाचा परिणाम होय. त्यांच्या मर्यादेचा नव्हे.

रंगभूमीवर जयवंत दळवी यांच्या ‘नातीगोती’ नाटकाने हा कोंडमारा फोडला. मतिमंद मुलाच्या आईबापांच्या आयुष्याचे हे नाटक. प्रभावळकर त्यात पित्याच्या, काटदरे यांच्या भूमिकेत होते आणि मुलाची भूमिका अतुल परचुरे यांनी केली. या पित्याला रडण्याची सवड नाही. दिवसाचे वेळापत्रक, पाळी-पाळीने घरी राहण्याची व्यवस्था, कचेरी आणि मुलाच्या भवितव्याची टांगती चिंता यांत त्याचे आयुष्य विभागले गेले आहे. प्रभावळकरांनी शोक दाखविला नाही, थकवा दाखविला. मराठी नाटकाच्या भावविवश परंपरेत हा फरक लहान नाही. शोक प्रेक्षकाला मोकळे करतो. थकवा त्याला घरी घेऊन जावा लागतो.

पुढे संजय सूरकर दिग्दर्शित ‘चौकट राजा’ (१९९१) या चित्रपटात ते त्याच प्रश्नाच्या दुसऱ्या बाजूस जाऊन उभे राहिले. लहानपणच्या अपघाताने ज्याची बौद्धिक वाढ खुंटली आहे असा नंदू, त्याची आई (सुलभा देशपांडे), चाळीतील शेजारी गणा (अशोक सराफ) आणि वर्षानुवर्षांनी भेटलेली बालमैत्रीण (स्मिता तळवलकर) यांच्याभोवती कथा फिरते. भूमिका करताना प्रभावळकर सत्तेचाळीस वर्षांचे होते. अशा भूमिकांना दोन धोके असतात. एक म्हणजे व्यंगाचे हुबेहूब अनुकरण करून टाळी मिळविणे आणि दुसरा म्हणजे करुणेची भीक मागणे. पहिला धोका ते पूर्णपणे टाळतात असे म्हणता येत नाही. काही प्रसंगांत शरीराचा बाक व शब्दांची ओढाताण यांचे कसब कथेपेक्षा पुढे येते. परंतु दुसऱ्या धोक्यापासून ते स्वतःला कटाक्षाने दूर ठेवतात. त्यांच्या नंदूला स्वतःची कीव येत नाही. त्याला हवे असते खेळणे, हवी असते मैत्रीण आणि ती का मिळत नाही याचे त्याला कोडे पडते. दुःख होते ते पाहणाऱ्याला. चिमणरावाच्या बाबतीत हास्य ज्या रीतीने प्रेक्षकाकडे सोपविले होते, त्याच रीतीने येथे दुःख सोपविलेले आहे. दोहोंचे तंत्र एकच. ‘नातीगोती’तील पिता आणि ‘चौकट राजा’तील मुलगा या दोन भूमिका शेजारी ठेवून पाहिल्या, तर नटाने एका सामाजिक दुःखाचा किती बाजूंनी विचार केला होता हे ध्यानात येते.

महेश कोठारे यांच्या ‘झपाटलेला’ (१९९३) या चित्रपटाने त्यांना अफाट लोकप्रियता दिली. मेलेल्या गुन्हेगाराचा आत्मा बाहुल्यात शिरतो, ही कल्पना परदेशी चित्रपटांत रुळलेली होती. रामदास पाध्ये यांचा बोलका बाहुला आणि प्रभावळकरांचा आवाज यांनी तिला मराठी केले. माणूस म्हणून तात्या विंचू पडद्यावर थोडा वेळच आहे. त्यानंतर जे उरते ते केवळ वाचिक अभिनयाचे. बाहुल्याच्या हालचालींना मर्यादा असल्याने क्रौर्य, लोभ, चिडखोरपणा आणि एक प्रकारचा बालिश हट्ट हे सर्व स्वरांतून यावे लागते. ‘अलबत्या गलबत्या’तील चेटकीण येथे प्रौढ होऊन परतली, असे म्हटल्यास वावगे ठरू नये. २०१३ मधील दुसरा भाग पहिल्याची सर गाठू शकला नाही. ‘पछाडलेला’ (२००४) मधील भुताची भूमिकाही मागील यशाच्या आधारावरच उभी होती आणि तिच्यात नवे असे फार थोडे आढळते.

याच दशकात रंगभूमीवर ‘हसवाफसवी’ गाजत होते. हे नाटक प्रभावळकरांनीच लिहिले व त्यात स्वतः सहा भूमिका केल्या. वेषांतराची गती, आवाजांचे पालट आणि देहाची लवचीकता यांचा तो एक उत्सवच होता; प्रेक्षकांनी तो तसाच साजरा केला. टीकाकाराला मात्र या सहांत प्रतवारी करावी लागते. काही भूमिका सोंगापलीकडे जात नाहीत. एक मात्र जाते, ती संगीत रंगभूमीवरील वृद्ध नटाची. सद्दी सरलेल्या कलावंताची आढ्यता, त्याची शिष्टाचाराने भरलेली बोली आणि ओसरलेल्या कंठाची त्याला नसलेली जाणीव यांची तेथे थट्टा आहे, पण थट्टेच्या तळाशी आदर आहे. हसता हसता प्रेक्षागृह गप्प होते ते याच भूमिकेत. बहुरूपी म्हणून झालेल्या गौरवाचा मोठा वाटा या नाटकाचा आहे आणि त्या गौरवाने थोडा घोटाळाही केला. ब्रिटिश नट ॲलेक गिनेस यांच्याबाबत असेच घडले होते. ‘काइंड हार्ट्‌स अँड कॉरोनेट्स’ (१९४९) या चित्रपटात एकाच घराण्यातील आठ माणसे रंगविल्यामुळे त्यांना वेषांतराचे जादूगार ठरविण्यात आले. पुढे ‘टिंकर टेलर सोल्जर स्पाय’ (१९७९) या दूरचित्रवाणी मालिकेत, कोणतेही सोंग न घेता, चश्मा पुसणाऱ्या एका शांत गुप्तहेर अधिकाऱ्याच्या भूमिकेत त्यांनी आपल्या कलेचे शिखर गाठले. प्रभावळकरांनाही असे शिखर दूरचित्रवाणीनेच दिले.

‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका २००१ मध्ये अल्फा मराठी वाहिनीवर सुरू झाली. केदार शिंदे तिचे दिग्दर्शक होते. तिचा आधार प्रभावळकरांचे ‘अनुदिनी’ हे पुस्तक असून, वृत्तपत्रातील सदरातून तयार झालेल्या त्या पुस्तकात एका कुटुंबातील माणसांच्या रोजनिश्या आहेत. चिमणरावाप्रमाणे येथेही मूळ रूप प्रथमपुरुषी निवेदनाचे. फरक असा, की या वेळी निवेदनाचे दृश्यात रूपांतर कसे होते हे लेखकाला पंचवीस वर्षांच्या अनुभवाने ठाऊक होते. आबा टिपरे हे आजोबा. मुलगा शेखर (राजन भिसे), सून श्यामला (शुभांगी गोखले) आणि दोन नातवंडे यांच्यासह शहरातील सदनिकेत राहणारे. घरात काही विशेष घडत नाही. कोणाची परीक्षा असते, कोणाची बढती हुकते, पाहुणे येतात, शेजारी भांडतात. त्या काळात खाजगी वाहिन्यांवरील हिंदी कौटुंबिक मालिका दागिने, कारस्थाने आणि गडगडणाऱ्या पार्श्वसंगीताने भरून गेल्या होत्या. त्या गदारोळात आठवड्यातून एकदा येणारे हे साधे घर पाहून प्रेक्षक सुखावले, हे स्वाभाविक होते. परंतु मालिकेचे यश केवळ साधेपणाने स्पष्ट होत नाही.

आबांची भूमिका प्रभावळकरांनी सत्तावन्नाव्या वर्षी स्वीकारली. म्हणजे वृद्धत्व त्यांना अजून अभिनयानेच आणावे लागत होते. मराठी नाटक-चित्रपटांतील आजोबा दोन साच्यांत ओतलेले असतात. एक उपदेश करणारा, दुसरा उपेक्षेने खंगणारा. आबा या दोहोंपैकी नाहीत. ते खोडकर आहेत, नव्या यंत्रांविषयी त्यांना कुतूहल आहे, नातवाच्या लबाडीत ते सामील होतात आणि सुनेशी त्यांचे जमते. घरातील सत्ता मुलाकडे गेली आहे हे त्यांनी ओळखले आहे आणि त्याचा त्यांना त्रास होत नाही. निदान होत असल्याचे ते दिसू देत नाहीत. हे ‘दिसू न देणे’ प्रभावळकर ज्या पद्धतीने करतात त्यात या भूमिकेचे मोठेपण आहे. कुटुंबाचा वाद चालू असताना ते वर्तमानपत्रातून डोके वर काढतात, एकेकाकडे पाहतात, काहीतरी बोलावयाचे ठरवितात आणि बोलत नाहीत. संवाद नसलेल्या त्या जागा मालिकेतील सर्वांत बोलक्या आहेत. उपग्रह वाहिनीमुळे ही मालिका एकाच वेळी मुंबईत व मेळघाटात, पणजीत व परभणीत दिसत होती. बोरी अरबच्या प्रेक्षकाने प्रभावळकरांना मुंबईकरांच्या बरोबरीने पाहिले, ते या मालिकेपासून. दादरच्या संस्कृतीत वाढलेले हे घर त्याला परके वाटावयास हरकत नव्हती. येथील बोली, खाणे, काळज्या वऱ्हाडच्या नाहीत. पावसाने दगा दिलेला हंगाम आणि कापसाचा भाव यांचा तेथे मागमूस नाही, हा आक्षेप मालिकेवर घेता येतो आणि तो गैरही नाही. तरीही म्हाताऱ्याने घरात किती बोलावे, हा प्रश्न सर्वत्र सारखाच असल्याने आबांना परकेपणाची अडचण आली नाही.

हिंदी चित्रपटांनी त्यांचा उपयोग उशिरा, पण काही वेळा अधिक नेमकेपणाने केला. अजय फणसेकर यांच्या ‘एन्काउंटर : द किलिंग’ (२००२) मधील गुन्हेगारी जगातील पुनप्पा आणि रामगोपाल वर्मा यांच्या ‘सरकार राज’ (२००८) मधील रावसाहेब या भूमिकांत त्यांच्या सौम्य मुद्रेचाच मुखवटा केलेला आहे. विशेषतः रावसाहेबांची खादीधारी शालीनता हीच कारस्थानाची जागा ठरते. राजकुमार हिरानी यांच्या ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) मध्ये त्यांनी केलेले गांधीजी सर्वपरिचित आहेत. बेन किंग्जली यांनी ‘गांधी’ (१९८२) या चित्रपटात इतिहासातील पुरुष साकारला होता. प्रभावळकरांचे गांधीजी एका गुंडाच्या मनातील आहेत; त्याच्याखेरीज ते कोणालाही दिसत नाहीत. अशा आकृतीला रक्तमांसाचा भार देणेही चूक आणि तिला केवळ आभास ठेवणेही चूक. त्यांनी मधला मार्ग काढला तो आवाजाच्या पट्टीने. बोलणे हळू, जवळजवळ खाजगी. सल्ला दिल्यानंतर उत्तराची वाट पाहण्याइतका विराम. हे गांधीजी मुन्नाला उपदेश करीत नाहीत, त्याचा निर्णय होईपर्यंत त्याच्याजवळ थांबतात. साठीतील या नटाने हे थांबणे कृष्णधवल पडद्यावर शिकून घेतले होते. या भूमिकेसाठी आणि गजेंद्र अहिरे यांच्या ‘शेवरी’ या मराठी चित्रपटातील भूमिकेसाठी मिळून त्यांना ५४ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा पुरस्कार देण्यात आला. ‘सहायक’ हा शब्द त्यांच्या कारकीर्दीचे वर्णन करण्यास बरोबर आहे, हे मात्र मान्य करता येणार नाही.

उमेश कुलकर्णी यांच्या ‘देऊळ’ (२०११) या चित्रपटातील अण्णा ही भूमिका आकाराने लहान आहे. गावात देव प्रकटल्याची वार्ता पसरते, देऊळ उभे राहते, बाजार वाढतो आणि दवाखान्याची गोष्ट बोलणारे अण्णा हळूहळू निरुपयोगी ठरतात. नाना पाटेकर व गिरीश कुलकर्णी यांच्या आवेगी अभिनयाच्या तुलनेत प्रभावळकर येथे अगदी मागे सरकून उभे राहतात. अण्णांचा पराभव मोठ्या आवाजात होत नाही. शहाण्या माणसाने समाजाला कंटाळून सामान बांधावे, तसा तो होतो. मतकरींच्या विदुराची आठवण येथे अपरिहार्यपणे होते. आदित्य सरपोतदार यांच्या ‘नारबाची वाडी’ (२०१३) मध्ये त्यांना अखेर मध्यवर्ती भूमिका मिळाली. बंगाली नाटककार मनोज मित्र यांच्या ‘साजानो बागान’ या नाटकाचे हे कोकणी रूपांतर. मरणाच्या अटीवर आपली वाडी लिहून देणारा आणि मग मरावयाचे नावच न घेणारा म्हातारा ही कल्पना मुळातच फार्सची आहे. प्रभावळकरांनी तिच्यात झाडांवरचे प्रेम मिसळले. नारबाचे झाडांशी बोलणे त्यांनी वेडाचे लक्षण म्हणून केलेले नाही; शेजाऱ्याशी बोलावे तितके ते सहज आहे.

लेखक म्हणून त्यांनी ‘बोक्या सातबंडे’ ही बालकथामाला, ‘गुगली’ सारखे विनोदी लेखन आणि आपल्या भूमिकांविषयीचे ‘एका खेळियाने’ हे पुस्तक लिहिले. ‘चूक भूल द्यावी घ्यावी’ या त्यांच्या नाटकाच्या सूत्रावर आधारलेली मालिका २०१७ मध्ये झी मराठी वाहिनीवर आली. तीत निर्मिती सावंत यांच्यासह त्यांनी वृद्ध दांपत्य रंगविले. टिपरे यांच्या तुलनेत ती अधिक बोलघेवडी व म्हणून काहीशी उणी वाटते.

सुबोध खानोलकर दिग्दर्शित ‘दशावतार’ हा चित्रपट १२ सप्टेंबर २०२५ रोजी प्रदर्शित झाला, तेव्हा प्रभावळकरांना एक्क्याऐंशी वर्षे पूर्ण झाली होती. कोकणातील दशावतारी खेळांत आयुष्य घालविलेला, दृष्टी अधू झालेला बाबुली मेस्त्री ही त्यातील नायकाची भूमिका. मागे डोंगर पोखरणाऱ्या खाणींचा प्रश्न आहे, पुढे पुत्रशोक आणि सूड. उत्तरार्धात हा चित्रपट चमत्कृतीच्या आहारी जातो आणि अवतारांची रंगभूषा नटावर कुरघोडी करते. मात्र पूर्वार्धात, खेळ आटोपून चेहऱ्यावरील रंग पुसणारा म्हातारा आणि त्याला हे सर्व सोडण्याचा आग्रह करणारा मुलगा यांच्या प्रसंगांत, प्रभावळकर पुन्हा आपल्या मूळ भूमीवर येतात. मुलगा बोलत राहतो; बाप हातातील फडका थांबवून ऐकत राहतो. महाराष्ट्रातील लहान गावांच्या पडद्यांवरही हा चित्रपट पोहोचला आणि ज्या नटाच्या नावावर तिकिटे विकता येत नाहीत असे एके काळी चित्रपट-व्यावसायिकांनी ठरविले होते, त्याच्या नावावर प्रेक्षकांनी तिकिटे काढली.